कणगी कोणाच्या घरात?

३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ रायगड जिल्ह्याच्या किनाऱ्यावर आदळले. नारळी-पोफळीच्या बागा आडव्या झाल्या, घरांवरची कौले आणि पत्रे उडाले, विजेचे खांब रांगेने कोसळले. कित्येक गावांत वीज परतायला काही आठवडे लागले. वर्ष उलटते न उलटते तोच, मे २०२१ मध्ये, तौक्ते वादळाने कोकणाला पुन्हा तोच अनुभव दिला. वादळ ओसरल्यावर आकाश निवळते, ऊन पडते. अशा वेळी ज्याच्या छपरावर सौर पॅनेल शाबूत आहे, त्याच्या घरात तरी दिवा लागेल, असे कोणालाही वाटेल. वस्तुस्थिती उलटी आहे. ग्रीडशी जोडलेली साधी सौर यंत्रणा बाहेरची वीज गेली की स्वतःही बंद पडते. तारांवर काम करणाऱ्या लाइनमनच्या जिवाला धोका होऊ नये म्हणून इन्व्हर्टरमध्येच तशी व्यवस्था केलेली असते आणि ती योग्यच आहे. परंतु त्याचा परिणाम असा, की सूर्य डोक्यावर, पॅनेल छपरावर आणि घरात पंखा मात्र बंद!

ज्या घरात या यंत्रणेला बॅटरीची जोड असते, तेथे चित्र बदलते. मात्र छपरावरच्या पॅनेलला शासन अनुदान देते, बॅटरीला देत नाही. साहजिकच प्रश्न विचारला जाऊ लागला आहे, की वीज तयार करणाऱ्याला मदत करता, तर ती साठवणाऱ्याला का नाही? प्रश्न सरळ आहे, उत्तर तितके सरळ नाही. कारण अनुदान म्हणजे अखेर समाजाचा पैसा. तो कोणाच्या घरात, कशासाठी आणि किती काळ जावा, याचा विचार न करता दिलेले अनुदान दात्यालाही बुडवते आणि घेणाऱ्यालाही परावलंबी करते.

एक कोटी छपरांचा संकल्प

भारतात छपरावरील सौर ऊर्जेचा इतिहास उत्साहाचा आणि अपेक्षाभंगाचाही आहे. २०१० च्या जानेवारीत राष्ट्रीय सौर अभियान सुरू झाले. २०१५ साली त्याचे लक्ष्य १०० गिगावॅटपर्यंत वाढविण्यात आले आणि त्यातील ४० गिगावॅट छपरांवरून २०२२ पर्यंत मिळवायचे ठरले. देशाच्या एकूण सौर क्षमतेने १०० गिगावॅटचा टप्पा जानेवारी २०२५ अखेर ओलांडला. पण छपरांचे लक्ष्य २०२२ साली कोसो दूर राहिले. मोठ्या भांडवलदाराला वाळवंटात प्रकल्प उभारणे सोपे गेले. सामान्य गृहस्थाला मात्र आपल्याच गच्चीवर चार पॅनेल बसवायला अर्ज, तपासणी, मीटर आणि अनुदान यांच्या फेऱ्यांत अडकावे लागले.

ही कोंडी फोडण्याचा गंभीर प्रयत्न म्हणजे १३ फेब्रुवारी २०२४ रोजी सुरू झालेली 'पीएम सूर्यघर : मुफ्त बिजली योजना'. एक कोटी घरे आणि ७५,०२१ कोटी रुपयांची तरतूद, असा तिचा आवाका आहे. पहिल्या दोन किलोवॅटला प्रत्येकी ३० हजार, तिसऱ्याला १८ हजार, म्हणजे तीन किलोवॅट किंवा त्याहून मोठ्या यंत्रणेला कमाल ७८ हजार रुपये केंद्राकडून थेट खात्यात जमा होतात. अनुदानासाठी भारतात बनलेले पॅनेल वापरण्याची अट आहे. मार्च २०२५ मध्ये दहा लाख घरांचा टप्पा पार झाला. आधीच्या दशकातील रडतखडत चाललेल्या वाटचालीच्या पार्श्वभूमीवर हे यश उल्लेखनीयच म्हटले पाहिजे. सातारा जिल्ह्यातील, पाटण तालुक्यातील मान्याचीवाडी हे गाव २०२४ साली राज्यातील पहिले सौरग्राम ठरले. डोंगरात वसलेल्या शंभरेक घरांच्या वस्तीने हे करून दाखवावे, ही महाराष्ट्राला अभिमान वाटावा अशी गोष्ट आहे. राज्य शासनानेही २०२५ साली दारिद्र्यरेषेखालील आणि महिना १०० युनिटांपेक्षा कमी वीज वापरणाऱ्या कुटुंबांसाठी केंद्राच्या अनुदानावर आणखी भर घालणारी योजना आखली. ज्याचे बिल मुळातच लहान आहे, त्याला स्वतःची पदरमोड करून पॅनेल बसविणे परवडत नाही. त्याच्यापर्यंत पोहोचण्याचा विचार झाला, हे स्वागतार्ह होय.

या सर्व योजनांचा पाया 'नेट मीटरिंग' हा आहे. महाराष्ट्रात एक किलोवॅटचे पॅनेल दिवसाला सरासरी चार युनिट वीज देते. तीन किलोवॅटची यंत्रणा असलेल्या घरात दिवसाला बारा युनिट तयार होतात. घरातील कर्ती माणसे कामावर आणि मुले शाळेत असतात, तेव्हा यातील बरीचशी वीज तारेतून बाहेर जाते. रात्री तेच घर तारेतून वीज घेते. महिन्याच्या शेवटी आत आलेल्या युनिटांतून बाहेर गेलेली युनिटे वजा होतात आणि उरलेल्याचेच बिल येते. थोडक्यात, ग्रीड ही या गृहस्थाची विनामूल्य पतपेढी आहे. दुपारी जमा करा, रात्री काढा, मध्ये एक पैसाही कापला जात नाही.

घरगुती बॅटरीचा प्रश्न नेमका येथेच अडतो. ज्याला अशी विनामूल्य पतपेढी मिळाली आहे, त्याने घरात तिजोरी का विकत घ्यावी? बॅटरीत वीज भरताना आणि काढताना दहापैकी सुमारे एक युनिट वाया जाते. वर बॅटरीचा खर्च वेगळा. म्हणजे नेट मीटरिंग चालू असताना बॅटरी बसविणाऱ्याचे बिल कमी होत नाही, किंचित वाढतेच. वीज गेल्यावर उजेड राहतो, एवढाच त्याचा लाभ. अशा स्थितीत सरसकट अनुदान दिले, तर समाजाच्या पैशातून काही सुस्थित घरांना जुन्या इन्व्हर्टरऐवजी नवा, चकचकीत इन्व्हर्टर मिळेल. ग्रीडला त्याचा उपयोग शून्य.

दुपारी उदंड, रात्री दुर्मीळ

मग साठवणुकीची गरजच नाही काय? गरज आहे आणि ती दिवसेंदिवस तीव्र होत आहे. ३० मे २०२४ रोजी देशाची विजेची मागणी २५० गिगावॅटवर पोहोचली. दुपारच्या मागणीला सूर्य धावून येतो. पण सूर्य मावळतो आणि त्याच वेळी घराघरांत दिवे, दूरदर्शन संच, पंखे व वातानुकूलन यंत्रे सुरू होतात. तासा-दोन तासांत सौर वीज शून्यावर येते आणि मागणी मात्र चढलेली असते. वीज विनिमय केंद्रांवर दुपारी स्वस्तात मिळणारी वीज मागणीच्या दिवसांत संध्याकाळी कमाल मर्यादेला, म्हणजे युनिटला दहा रुपयांना, जाऊन भिडते. वितरण कंपनी दुपारी नको असलेले युनिट ग्राहकाकडून घेते आणि रात्री महागडे युनिट विकत घेऊन त्याच्या बदल्यात परत देते. पतपेढी विनामूल्य दिसते खरी, तिचा खर्च कोणीतरी भरतच असतो.

हे ओळखून केंद्र शासनाने जून २०२३ मध्ये ग्राहक हक्क नियमांत दुरुस्ती केली. सूर्यप्रकाशाच्या तासांत वीज नेहमीच्या दरापेक्षा किमान २० टक्के स्वस्त असावी आणि शेतकरी वगळता अन्य ग्राहकांना १ एप्रिल २०२५ पासून वेळेनुसार दर लागू व्हावेत, असे त्यात म्हटले. महाराष्ट्रात २०२५ च्या दरनिश्चितीच्या वेळी यावरूनच वाद पेटला. दुपारच्या युनिटांची वजावट रात्रीच्या वापरातून मिळावी की नाही, हा तो वाद होता. पॅनेल बसविलेल्या ग्राहकांची चिंता रास्त होती. शासनाच्या शब्दावर विसंबून, कर्ज काढून त्यांनी गुंतवणूक केली होती. वितरण कंपनीची अडचणही खोटी नव्हती. या दोन सत्यांच्या मध्ये वाट काढायची, तर ती साठवणुकीतूनच काढावी लागेल.

मोठ्या बॅटऱ्यांच्या बाबतीत शासनाने ती वाट धरलीही आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये ४,००० मेगावॅट-तास साठवणुकीच्या प्रकल्पांना भांडवली खर्चाच्या ४० टक्क्यांपर्यंत साह्य देण्याचा निर्णय झाला. २०२५ साली आणखी ३० हजार मेगावॅट-तासांसाठी ५,४०० कोटी रुपयांची तरतूद झाली. त्याच वर्षी फेब्रुवारीत नव्या सौर निविदांत दोन तासांच्या साठवणुकीची जोड असावी, असे केंद्रीय विद्युत प्राधिकरणाने सुचविले. निविदांतील दर २०२२ च्या तुलनेत निम्म्याच्याही खाली आले. गुजरातमधील मोढेऱ्याने २०२२ सालीच एक आदर्श घालून दिला होता. अकराव्या शतकातील सूर्यमंदिरासाठी प्रसिद्ध असलेल्या या गावात हजारांहून अधिक घरांवर पॅनेल आहेत, सहा मेगावॅटचा जमिनीवरील प्रकल्प आहे आणि १५ मेगावॅट-तासांची एक सामायिक बॅटरी आहे. प्रत्येक घरात वेगळी बॅटरी ठेवण्याची गरज तेथे पडली नाही. गावाचा दिवस सूर्यावर चालतो आणि गावाची रात्र गावाच्या साठ्यावर.

परदेशांचे धडे

घरगुती बॅटरीला अनुदान देण्याचे प्रयोग अन्यत्र झाले आहेत आणि त्यांतून शिकण्यासारखे पुष्कळ आहे. जर्मनीने २०१३ पासून काही वर्षे घरगुती बॅटऱ्यांना सरकारी बँकेमार्फत साह्य दिले. ते साह्य देताना, पॅनेलमधून एकाच वेळी ग्रीडमध्ये सोडल्या जाणाऱ्या विजेवर मर्यादा घातली होती. म्हणजे गृहस्थाला मदत आणि ग्रीडला दिलासा, असा सौदा होता. पुढे सप्टेंबर २०२३ मध्ये त्याच देशाने दुसरी योजना आणली. स्वतःचे घर आणि विजेवर चालणारी मोटार असलेल्याने पॅनेल, बॅटरी व मोटारीचे चार्जिंग यंत्र एकत्र बसविले, तर १०,२०० युरोंपर्यंत अनुदान मिळणार होते. तीस कोटी युरोंचा निधी एका दिवसात संपला. सुमारे ३३ हजार अर्जदारांनी तो नेला. भाड्याच्या घरात राहणाऱ्या, मोटार नसलेल्या जर्मन करदात्याने, घर आणि मोटार दोन्ही असलेल्याला ही भेट का द्यावी, हा प्रश्न तेथे उघडपणे विचारला गेला.

ऑस्ट्रेलियाची कथा आणखी बोधप्रद आहे. त्या देशात चाळीस लाखांहून अधिक छपरांवर पॅनेल आहेत. व्हिक्टोरिया राज्यात २००९ साली छपरावरील विजेला युनिटमागे ६० सेंट असा राजेशाही दर जाहीर झाला होता. पॅनेल वाढले, दुपारची वीज वाहू लागली आणि दर उतरत गेला. २०२५-२६ साठी तेथील किमान दर ठरला तो ०.०४ सेंट! दुपारच्या विजेचे मोल असे मातीमोल झाल्यावर बॅटरीला आपोआप अर्थ आला. १ जुलै २०२५ पासून केंद्र सरकारने बॅटरीच्या किमतीत सुमारे ३० टक्के सवलत सुरू केली. ग्राहकांची झुंबड उडाली. पहिल्या काही महिन्यांतच एक लाखाहून अधिक बॅटऱ्या बसल्या. सवलत क्षमतेच्या प्रमाणात असल्यामुळे लोकांनी गरजेपेक्षा मोठ्या बॅटऱ्या घेतल्या. २.३ अब्ज डॉलरांचा अंदाज अपुरा पडला. डिसेंबर २०२५ मध्ये तरतूद ७.२ अब्ज डॉलरांवर नेऊन, मे २०२६ पासून मोठ्या बॅटरीला कमी प्रमाणात सवलत देण्याचा निर्णय घ्यावा लागला. 'जितके मोठे घर, तितकी मोठी मदत' हे सूत्र सधन देशालाही सोसवले नाही. जेथे अजून कोट्यवधी घरांचे बिल शंभर युनिटांच्या आत आहे, तेथे ते कसे सोसवेल?

तिसरा धडा शेजारचा आहे. पाकिस्तानने २०२४ साली सुमारे १७ गिगावॅट क्षमतेचे सौर पॅनेल आयात केले. महागड्या आणि बेभरवशाच्या सरकारी विजेला कंटाळून ज्यांच्याकडे पैसा होता, ते ग्रीडपासून दूर सरकू लागले. वीजकेंद्रांचे करार आणि तारांचा खर्च मात्र तसाच राहिला आणि त्याचा बोजा पॅनेल न घेऊ शकणाऱ्या गरिबांच्या बिलात उतरू लागला. महाराष्ट्राला हा प्रकार अगदीच अपरिचित नाही. दाभोळच्या एन्रॉन प्रकल्पाची वीज घेणे २००१ साली थांबवावे लागले, तेव्हा विजेच्या व्यवहारात करार करणारा एक आणि भुर्दंड सोसणारा दुसरा असतो, हे या राज्याने स्वतःच्या अनुभवाने जाणले होते.

छप्पर नसलेल्यांचे काय?

अनुदानाची चर्चा बहुधा बंगल्याच्या गच्चीवरून होते. पुण्या-मुंबईतील, नाशिक-नागपुरातील मध्यमवर्ग आज प्रामुख्याने सदनिकांत राहतो. सात मजली इमारतीची गच्ची एक आणि कुटुंबे अठ्ठावीस. चाळीत आणि भाड्याच्या खोलीत राहणाऱ्याचे तर छपरच दुसऱ्याचे. गृहनिर्माण संस्थांना लिफ्ट, पंप आणि जिन्यातील दिव्यांसाठी केंद्राच्या योजनेत किलोवॅटमागे १८ हजार रुपयांचे साह्य आहे. ते अनेक संस्थांच्या वार्षिक सभेत विषयपत्रिकेवरही येत नाही. ज्याला छप्पर नाही, त्याने अन्यत्र उभारलेल्या सामायिक प्रकल्पात वाटा घ्यावा आणि त्या वाट्याची वीज त्याच्या बिलातून वजा व्हावी, या पद्धतीला 'व्हर्च्युअल नेट मीटरिंग' असे अवघड नाव आहे. नाव सोपे करणे दूरच, ती पद्धत कागदावरून चाळीपर्यंत पोहोचविणे हेच मोठे काम आहे. साठवणुकीचे अनुदान जर घराघरांतील बॅटरीपुरते मर्यादित ठेवले, तर हा सारा वर्ग पुन्हा एकदा केवळ करदाता म्हणून उरेल.

शेतकऱ्यांच्या बाबतीत मात्र बॅटरीवाचून साठवणूक साधते. पाणी विहिरीतून दुपारी उपसले, तर रात्री पंप चालवावा लागत नाही. हीही एक प्रकारची साठवणूकच आहे आणि तिला लिथियम लागत नाही. मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजनेमागे हेच सूत्र आहे. २०१७ साली तिचा प्रारंभ झाला आणि राळेगणसिद्धी तिच्या पहिल्या गावांपैकी एक ठरले. बिबट्या आणि सापाच्या भीतीने मध्यरात्री शेतावर जाणाऱ्या शेतकऱ्याला दिवसा वीज मिळणे, याचे मोल युनिटांत मोजता येत नाही. घरातही हाच विवेक शक्य आहे. पाणी तापविणे, कपडे धुणे, टाकी भरणे ही कामे दुपारकडे सरकवली, तर तेवढी बॅटरी वाचते. एकेकाळी दिवसाउजेडी कामे उरकणारी गृहिणी हे शास्त्र न शिकताच जाणत होती.

परावलंबनाचे नवे रूप

आणखी एका बाबीकडे डोळेझाक करून चालणार नाही. लिथियम बॅटरीचा गाभा असलेले सेल आज प्रामुख्याने परदेशातून आणि त्यातही चीनमधून येतात. भारतात सेल बनावेत म्हणून २०२१ साली १८,१०० कोटी रुपयांची उत्पादन प्रोत्साहन योजना आली, ५० गिगावॅट-तासांचे लक्ष्य ठरले. पण अपेक्षित गती आली नाही. जम्मूतील रियासी येथे ५९ लाख टन लिथियमयुक्त साठ्याचा प्राथमिक अंदाज २०२३ साली जाहीर झाला, तेव्हा बराच गाजावाजा झाला. पुढे लिलावाला पुरेसे बोलीदारही मिळाले नाहीत. दरम्यान जुलै २०२५ मध्ये चीनने बॅटरीच्या रसायनांसंबंधीच्या काही तंत्रज्ञानाच्या निर्यातीवर निर्बंध घातले. आखातातील तेलाच्या परावलंबनातून सुटण्यासाठी निघालेला देश लिथियमच्या परावलंबनात जाऊन पडला, तर ती प्रगती कशी म्हणावी? घाईघाईने लाखो घरगुती बॅटऱ्यांना अनुदान देणे, म्हणजे भारतीय करदात्याच्या पैशाने परकीय कारखान्यांची धन करणे होय.

याचा अर्थ हातावर हात ठेवून बसावे, असा नव्हे. पॅनेलच्या बाबतीत स्वदेशी मालाची अट घातल्यावर कारखाने उभे राहिले, हा अनुभव ताजा आहे. पुण्यात केपीआयटी या कंपनीने आयसर पुणे या संस्थेच्या सहकार्याने सोडियम-आयन बॅटरीचे तंत्रज्ञान डिसेंबर २०२३ मध्ये सादर केले. सोडियम मिठातही असते. त्यासाठी कोणाच्या दारात उभे राहावे लागत नाही. घरातील बॅटरी मोटारीसारखी हलकी असण्याची गरज नसते, कोपऱ्यात एका जागी बसणारी बॅटरी थोडी जड असली तरी चालते. म्हणूनच हे तंत्र घरगुती साठवणुकीला विशेष उपयुक्त ठरू शकेल. अनुदानाचा रुपया अशा प्रयत्नांच्या पाठीशी उभा राहिला, तर तो दहा वर्षांनीही फळ देईल.

अनुदान कसे असावे?

मग नेमके करावे काय? पहिली गोष्ट कराची. सप्टेंबर २०२५ मध्ये सौर पॅनेलवरील जीएसटी १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला, ही चांगली सुधारणा झाली. त्याच फेरबदलात बॅटऱ्यांवर मात्र सरसकट १८ टक्के राहिला. अनुदान देण्यापूर्वी हा कर उतरवावा. एका हाताने घेऊन दुसऱ्या हाताने देण्यात मध्ये केवळ कागद आणि दलाल वाढतात.

दुसरी गोष्ट दराची. ज्यांनी नेट मीटरिंगच्या भरवशावर गुंतवणूक केली, त्यांना दिलेला शब्द करार संपेपर्यंत पाळला पाहिजे. शासनाच्या शब्दाची पत गेली, तर पुढच्या कोणत्याही योजनेवर लोक विश्वास ठेवणार नाहीत. नव्या ग्राहकांना मात्र पर्याय द्यावा. दुपारी साठवलेली वीज संध्याकाळी सात ते दहा या वेळात जो ग्रीडला देईल, त्याला त्या वेळच्या बाजारभावाला साजेसा दर मिळावा. असा दर मिळाला, की बॅटरी आपल्या पायावर उभी राहील आणि अनुदान हे तिला कायमची कुबडी न होता, रोपाला आरंभी दिलेल्या काठीएवढेच उरेल.

तिसरी गोष्ट प्राधान्याची. पहिला हक्क वादळाच्या वाटेवरील कोकण किनाऱ्याचा, मेळघाट आणि गडचिरोलीच्या पाड्यांचा. आरोग्य उपकेंद्रातील लसीचा शीतकपाट, प्रसूतिगृहातील दिवा, शाळा, पाणीपुरवठ्याचा पंप यांच्यासाठीची बॅटरी पूर्णपणे शासनाच्या खर्चाने बसली, तरी कोणी आक्षेप घेणार नाही. त्यानंतर गावाच्या किंवा वस्तीच्या रोहित्रापाशी ठेवलेली सामायिक बॅटरी. तिचा लाभ बंगलेवाल्याला आणि भाडेकरूला सारखाच होतो, देखभाल एका जागी होते आणि आग, पाणी व चोरी यांपासून रक्षणही नीट करता येते. घरगुती बॅटरीला साह्य द्यायचेच, तर ते लहान क्षमतेपुरते, कमी उत्पन्नाच्या घरांना आणि चढत्या क्षमतेला उतरत्या प्रमाणात द्यावे. ऑस्ट्रेलिया जे दहा महिन्यांनी शिकला, ते भारताने पहिल्याच दिवशी अमलात आणावे.

चौथी गोष्ट उत्तरदायित्वाची. अनुदानित बॅटरीतील सेल टप्प्याटप्प्याने स्वदेशी असावेत. ती गरजेच्या वेळी ग्रीडच्या हाकेला ओ देणारी असावी. आयुष्य संपल्यावर ती भंगारवाल्याच्या हातोड्याखाली न जाता अधिकृत पुनर्प्रक्रियेला जावी. बॅटरी कचरा व्यवस्थापनाचे नियम २०२२ पासून अस्तित्वात आहेत. त्यांची अंमलबजावणी अनुदानाच्या अटीत बांधली, तरच त्यांना अर्थ येईल.

पाचवी गोष्ट शब्दाची. योजनेच्या नावात 'मुफ्त' हा शब्द आहे. राजकारणात त्याचे आकर्षण मोठे असते. पण छपरावरची वीज फुकट नसते. गृहस्थाने घातलेल्या पैशाची, समाजाने दिलेल्या साह्याची आणि कारागिराच्या श्रमाची ती निर्मिती असते. जो नागरिक स्वतःची वीज स्वतः तयार करतो, त्याला फुकटा म्हणण्याऐवजी उत्पादक म्हणून गौरवावे. उत्पादक जपून वापरतो, यंत्र पुसून ठेवतो, शेजाऱ्यालाही शिकवतो. फुकट मिळालेल्या वस्तूची अशी निगा राखली गेल्याचे उदाहरण विरळा.

साठा कोणासाठी?

साठवणूक ही या भूमीला नवी नाही. घरोघरी कणगी असे, बळद असे. गावाच्या जमिनीत धान्याची पेवे असत. सुगीत भरायचे आणि तोटीच्या दिवसांत काढायचे, हा कुटुंबाचा आणि गावाचाही धर्म होता. त्याबरोबरच मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांची कथाही महाराष्ट्राने शतकानुशतके सांगितली. दुष्काळात भुकेल्यांसाठी बादशाही कोठार खुले करणाऱ्या त्या अधिकाऱ्याला लोकांनी संत मानले. कणगी भरलेली असणे ही संपन्नता होय. पण गरजेच्या वेळी ती कोणासाठी उघडते, यावर समाजाची योग्यता ठरते.

सूर्य बंगल्यावर आणि झोपडीवर सारखाच तळपतो. त्याची वीज साठविण्याच्या निमित्ताने शासनाने तिजोरी उघडायचे ठरविले, तर आधी अंधारात असलेल्यांचे घर शोधावे. पुढचे वादळ कोकणात कधी येईल, हे कोणी सांगू शकत नाही. ते येईल तेव्हा किनाऱ्यावरच्या उपकेंद्रात एक दिवा तरी जळत असावा, त्या दिव्याखाली एखादी बाळंतीण सुखरूप असावी. त्या दिवशी अनुदानाचा रुपया सत्कारणी लागला, असे म्हणता येईल.